एक वाट, दोन भाडी

कापडाच्या धंद्यात आमची तीस वर्षे गेली. या तीस वर्षांत मालाच्या भावावरून आम्ही जितके भांडलो नसू, तितके भाड्यावरून भांडलो. मालाचा भाव बाजारात सर्वांच्या तोंडी असतो. भाड्याचे तसे नाही. बिल्टीवर एक आकडा असतो आणि हिशेब चुकता होतो तो दुसऱ्याच आकड्याने. काही वर्षांपूर्वी आम्हाला कळले की, त्याच ट्रकमधून त्याच गावी जाणाऱ्या गाठीला आम्ही जे भाडे देतो, त्याहून बरेच कमी भाडे बाजारातील एक मोठी पेढी देते. आम्ही ट्रान्सपोर्टच्या गुमास्त्याला जाब विचारला. तो म्हणाला, ‘‘शेठ, तुमच्या दोन गाठी, त्यांच्या दोनशे.’’ आम्ही निरुत्तर झालो. पण मन मानेना.

वाचकहो, हा प्रश्न नवा नाही. दीडशे वर्षांपूर्वी अमेरिकेतील रेल्वेने तो इतका वाढवून ठेवला की, देशाच्या कायदेमंडळाला त्यात हात घालावा लागला. तो इतिहास आपल्यासारख्या लहान व्यापाऱ्यांनी आणि कारागिरांनी समजून घेण्यासारखा आहे.

अमेरिकेत रेल्वे सरकारची नव्हती, खासगी कंपन्यांची होती. मात्र ती उभी राहिली जनतेच्या जमिनीवर. १८६२ च्या पॅसिफिक रेल्वे कायद्याने कंपन्यांना जमिनी व कर्जरोखे मिळाले आणि १० मे १८६९ रोजी यूटा प्रांतात पूर्वेचे व पश्चिमेचे रूळ एकमेकांना जोडले गेले. रेल्वे आली तसा शेतमाल शेकडो मैल दूरच्या बाजारात जाऊ लागला. पण त्याच वेळी शेतकऱ्याचा आणि दुकानदाराचा नफा-तोटा रेल्वे कंपनीच्या हातात गेला.

इलिनॉय राज्यातील एक खटला पाहा. पिओरिया आणि गिलमन या दोन गावांहून एकाच रेल्वेने न्यूयॉर्कला धान्य पाठवले जाई. पिओरियाच्या व्यापाऱ्याकडून शंभर पौंडांमागे १५ सेंट घेतले, तर गिलमनच्या व्यापाऱ्याकडून २५ सेंट. वास्तविक गिलमन हे न्यूयॉर्कला ८६ मैल अधिक जवळचे. म्हणजे जवळच्याने जास्त द्यायचे आणि दूरच्याने कमी! देशभर रीतच तशी पडली होती. जेथे दोन-तीन कंपन्यांचे रूळ तेथे भाडे उतरे. जेथे एकाच कंपनीची सत्ता तेथे ती मागेल ते द्यावे लागे. १८८६ साली सुप्रीम कोर्टाने निकाल दिला की, एका राज्यातून दुसऱ्या राज्यात जाणाऱ्या मालाच्या भाड्यावर कोणत्याही राज्याला कायदा करता येणार नाही.

याहून वाईट प्रकार होता गुप्त सवलतीचा. क्लीव्हलंड शहरात रॉकफेलर यांची स्टँडर्ड ऑइल कंपनी १८७० साली स्थापन झाली. त्या काळी दिव्यांसाठी रॉकेल लागे आणि शहरात ते शुद्ध करणारे अनेक लहान कारखाने होते. १८७२ साली पेनसिल्व्हेनिया, ईरी व न्यूयॉर्क सेंट्रल या तीन रेल्वे कंपन्यांनी ‘साउथ इम्प्रूव्हमेंट कंपनी’ नावाच्या टोळक्याशी गुपचूप करार केला. त्यात रॉकफेलर प्रमुख होते. न्यूयॉर्कपर्यंत कच्च्या तेलाच्या पिंपाला भाडे २ डॉलर ५६ सेंट. टोळक्यातील मंडळींना त्यातून १ डॉलर ६ सेंट परत मिळणार. येथवर समजू शकते. पण पुढचे कलम असे की, टोळक्याबाहेरच्या व्यापाऱ्याने पूर्ण भाडे भरून आपले तेल पाठवले, तरी त्याच्या भाड्यातूनही टोळक्याला हिस्सा मिळणार! शिवाय त्या बाहेरच्या व्यापाऱ्याने कोणाला किती माल पाठवला, त्याची बिल्टीसुद्धा रेल्वे या मंडळींना दाखवणार.

हे उघडकीस येताच तेलविहिरींच्या मुलखात हलकल्लोळ झाला. विहीरवाल्यांनी एकी करून या मंडळींना तेल विकायचे बंद केले. काही आठवड्यांत रेल्वेने करार रद्द केला आणि राज्याने त्या कंपनीची सनदही काढून घेतली. या करारान्वये एक पिंपही हलले नाही. पण दरम्यान काय झाले? क्लीव्हलंडच्या २६ कारखानदारांपैकी २२ जणांनी आपले कारखाने रॉकफेलर यांना विकून टाकले होते. रॉकफेलर यांचा कारभार काटकसरीचा होता, हे आम्ही नाकारत नाही. परंतु भाड्याची तलवार डोक्यावर टांगलेली असताना झालेला सौदा हा राजीखुशीचा सौदा म्हणता येणार नाही.

शेवटी ४ फेब्रुवारी १८८७ रोजी आंतरराज्य व्यापार कायदा झाला. भाडे वाजवी असावे, दरपत्रक छापून स्टेशनात लोकांना पाहण्यासाठी ठेवावे, दर वाढवायचा तर दहा दिवस आधी जाहीर करावे, गुप्त सवलत देऊ नये, ही त्यातील मुख्य कलमे. देखरेखीसाठी पाच जणांचे मंडळ नेमले. हा कायदा सुरुवातीला दुबळा ठरला. १९०३ आणि १९०६ च्या कायद्यांनी त्याला दात दिले. गंमत अशी की, १९०३ च्या कायद्याला खुद्द रेल्वे कंपन्यांचाच पाठिंबा होता. बड्या गिऱ्हाइकांना सवलती देऊन देऊन त्याही मेटाकुटीला आल्या होत्या.

येथे दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. पुढे सरकारी बंधने इतकी जखडणारी झाली की, ट्रकवाले माल पळवू लागले तरी रेल्वेला वेळेवर दर बदलता येईनात. १९७० साली पेन सेंट्रल ही बलाढ्य रेल्वे दिवाळखोरीत निघाली. म्हणून १९८० च्या कायद्याने बंधने सैल केली आणि गिऱ्हाइकाशी स्वतंत्र करार करण्याची मुभा दिली. रेल्वे सावरली. पण ज्याच्या दाराशी एकाच कंपनीचे रूळ आहेत, त्याचे गाऱ्हाणे तेथे अजून संपलेले नाही. २०२३ च्या विलीनीकरणानंतर अशा मोठ्या कंपन्या सहाच उरल्या.

यावरून आमचे मत असे बनले आहे. दोनशे गाठींना सूट मिळावी, यात गैर काही नाही. पूर्ण ट्रक भरला की ट्रान्सपोर्टवाल्याचा खर्च खरोखरच वाचतो. पण ती सूट उघड असावी. इतक्या गाठींना इतकी सूट, मग माल कोणाचाही असो, असा कागद गादीवर टांगलेला असावा. आपल्याकडील १९८९ च्या रेल्वे कायद्यातही कोणाला अवाजवी झुकते माप देण्यास मनाई आहे. जो इन्साफ रेल्वेच्या बाबतीत मान्य झाला, तो ट्रक आणि पार्सलच्या बाबतीत आपण का मागू नये?

आता एक कबुली. त्या गुमास्त्याच्या उत्तरानंतर आम्ही चार दुकानदार एकत्र आलो आणि गाठी एकत्र पाठवू लागलो. भाडे उतरले. गुमास्त्याने एकच अट घातली, ‘‘बाहेर बोलू नका.’’ आम्ही बोललो नाही. आमच्याच गल्लीतला एक लहान हमपेशा त्यानंतरही वर्षभर जुनेच भाडे देत राहिला. त्याला आम्ही पाचवा म्हणून घेऊ शकलो असतो. क्लीव्हलंडची कहाणी वाचली तेव्हा आम्हाला रॉकफेलर यांच्याआधी तो आठवला.

म्हणून आमचे सांगणे दोनच गोष्टींचे. माल एकत्र पाठवा, आणि मिळालेला दर लपवू नका. गुप्त सवलत आपल्याला मिळते तेव्हा ती गोड लागते. पण तिचे पैसे कोणत्या तरी लहान दुकानातून आलेले असतात. उद्या ते दुकान आपलेही असू शकते.