फ्राइड राइस घरी करा, पण शिळ्या भाताचा नको

संध्याकाळचे सात वाजले की श्रीरामपुरात चायनीजच्या गाड्यांवर कढई-झाऱ्याचा खणखणाट सुरू होतो. क्लासवरून येणारी पोरं, बाजारातून आणि कामावरून परतणारी माणसं तिथं थांबतात. ज्यांच्या खिशात पैसे नसतात ती पोरं घरी येऊन आईच्या मागं लागतात, "मम्मी, फ्राइड राइस कर ना." आणि आपण मोठी माणसं त्यांना काय सांगतो? "चायनीज वाईट असतं, खायचं नाही." एवढ्यावर पोरं ऐकत नाहीत. गरम, खमंग, चार रंगांच्या भाज्या दिसणारं ताट मागणं हा काही गुन्हा नाही.

माझं मत सरळ आहे. फ्राइड राइस घरी करावा, हौसेनं करावा, महिन्यातून दोन-चार वेळा करावा. अट एकच: तो रात्रीच्या उरलेल्या भाताचा करू नये. आणि घरात उरलेलं शिळं नेहमी एकाच ताटात का जातं, याचाही विचार त्यानिमित्तानं करावा.

मोबाइलवर पाककृती दाखवणाऱ्या ताई सांगतात, "भात आदल्या दिवशीचा घ्या, दाणा मोकळा राहतो." त्यांचं म्हणणं खोटं नाही. पण त्यांचा भात रात्रभर फ्रिजमध्ये असतो. आपल्या वस्तीत कितीतरी घरांत फ्रिज नाही. आहे तिथं वीज जाते. आपला भात पातेल्यात, झाकणाखाली, पत्र्याच्या तापलेल्या खोलीत असतो. त्यांची युक्ती आपल्या घरी जशीच्या तशी उचलली, तर ती आजाराची युक्ती होते.

कारण समजून घ्या. मातीतून धान्यावर येणारा बॅसिलस सिरियस नावाचा एक जंतू आहे. भात शिजताना जंतू मरतो, पण त्याचे बीजाणू, म्हणजे कठीण कवचातली बी समजा, उकळत्या पाण्यातही टिकून राहतात. शिजलेला भात तासन् तास कोमट राहिला की ही बी उगवते, जंतू वाढतात आणि भातात विष सोडतात. साधारण ५ ते ६० अंश सेल्सिअस या तापमानात अन्नातले जंतू वाढतात, आणि आपल्याकडच्या उन्हाळ्यात खोलीच ४० अंशांच्या घरात असते. उलट्या करणारं हे विष पुन्हा परतल्यानं किंवा उकळल्यानं जात नाही. म्हणून "सकाळी कडक परतून घेतला" या म्हणण्याला अर्थ राहत नाही. भाताला वास येत नसला, तार सुटली नसली तरी विष असू शकतं. खाल्ल्यावर १ ते ६ तासांत मळमळ आणि उलट्या सुरू होतात. याच जंतूच्या दुसऱ्या प्रकारात ८ ते १६ तासांनी पोटात कळा येऊन जुलाब होतात. १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला ब्रिटनमध्ये चायनीज हॉटेलांतल्या फ्राइड राइसमुळं लोक आजारी पडले, तेव्हा डॉक्टरांचं याकडं नीट लक्ष गेलं. तिथंही कारण तेच होतं. भात आधी शिजवून तसाच बाहेर ठेवलेला होता.

घरातली म्हातारी माणसं म्हणतील, "आम्ही जन्मभर शिळा भात खाल्ला, काय झालं?" दरवेळी होतंच असं नाही, हे खरं. पण झालं तेव्हा आपण त्याला काय नाव दिलं? "ऊन लागलं." "पित्त झालं." "लेकराला नजर लागली." मीठ-मिरची ओवाळून टाकली, पण पातेलं कुणी तपासलं नाही. कारण शोधायचं असतं, हे तर आपल्याला बुद्धानं शिकवलं आहे.

आता शिळं कुणाच्या ताटात जातं ते पाहू. नर्सिंगचा डिप्लोमा करून मी बरीच वर्षं वॉर्डात काढली. रक्त कमी असलेल्या बाईला विचारावं, "ताई, काल काय खाल्लं?" तर उत्तर ठरलेलं असे, "सगळ्यांचं झाल्यावर उरलं ते." राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) महाराष्ट्रात १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के बायकांमध्ये रक्ताची कमतरता आढळली. पाच वर्षांखालच्या मुलांमध्ये हे प्रमाण जवळपास ६९ टक्के होतं. याला कारणं अनेक आहेत. पण ताटात शेवटी, कमी आणि शिळं पडणं हे त्यातलं एक आहे, आणि ते बदलायला कुठल्या योजनेची वाट पाहावी लागत नाही.

शिळ्याचा प्रश्न आपल्या समाजाला नवा नाही. १९ आणि २० मार्च १९२७ रोजी महाडच्या परिषदेत बाबासाहेबांनी मेलेल्या जनावराचं मांस आणि टाकलेले शिळे तुकडे सोडा, असं आपल्या माणसांना निक्षून सांगितलं. तो पोटाचा प्रश्न होता आणि माणूसपणाचाही होता. आपल्याच तालुक्यातल्या हरेगावला डिसेंबर १९३९ मध्ये त्यांच्या अध्यक्षतेखाली वतनी अन्यायाविरुद्ध परिषद भरली. गावकीची कामं करायची आणि मोबदल्यात दारोदार भाकर मागायची, ही त्या वतनाची रीत होती. पुढं १९५८ च्या कायद्यानं ती वतनं गेली. आपल्या आज्या-पणज्यांनी गावाचं शिळं नाकारलं. मग आपल्याच घरात सुनेच्या, आईच्या ताटात रोजचं शिळं कोण वाढतं? गाव तर वाढत नाही. ती सवय आपली आहे.

कुणी म्हणेल, अन्न टाकायचं का? नाही. मोजून शिजवायचं. रात्री वाटीभर कमी टाका, कमी पडलं तर एक भाकर जास्त थापा. फ्रिज असेल तर भात परातीत पसरून लवकर गार करा, दोन तासांच्या आत झाकून आत ठेवा, दुसऱ्या दिवशी एकदाच चांगला वाफाळेपर्यंत गरम करून संपवा. फ्रिज नसेल तर शिजवलेला भात दोन तासांत संपवणं हाच नियम. पसाभर भात टाकताना जीव तुटतो, मलाही माहीत आहे. पण लेकराला सलाइन लावायची वेळ आली, तर बुडालेल्या मजुरीत कितीतरी भात येतो.

आता करायचा कसा ते सांगते. चार जणांसाठी दोन वाट्या रेशनचा तांदूळ घ्या. हा तांदूळ जाडा असतो, चिकट होतो, म्हणून पाणी बेतानं. दोनदा हलक्या हातानं धुवा, वीस मिनिटं भिजवा, साडेतीन वाट्या पाण्यात चमचाभर तेल आणि थोडं लिंबू पिळून झाकण ठेवून शिजवा. दाणा शिजला की लगेच परातीत पसरा आणि पंख्याखाली वीस-पंचवीस मिनिटं ठेवा. वाफ निघून जाते, दाणा सुटा होतो. मोकळ्या भातासाठी रात्र घालवायची गरज नाही, परात पुरते.

तोवर ५० ग्रॅम सोयाबीनच्या वड्या गरम पाण्यात भिजवून पिळून घ्या. कोबी, गाजर, घेवडा, कांद्याची पात, जे त्या दिवशी बाजारात स्वस्त असेल ते बारीक चिरा. लोखंडी कढई असेल तर उत्तम, तिच्यातलं थोडं लोह जेवणात उतरतं. दोन चमचे तेलात चार अंडी फोडून परता आणि काढून ठेवा. मग लसूण, हिरवी मिरची, भाज्या आणि वड्या मोठ्या आचेवर परता. घरच्या शेगडीची आच गाडीसारखी नसते, म्हणून सगळा भात एकदम टाकू नका, दोन खेपांत परता. शेवटी अंडं, मिरपूड आणि लिंबू. चार अंडी आणि ५० ग्रॅम वड्या मिळून जवळपास ५० ग्रॅम प्रथिनं होतात, म्हणजे प्रत्येक ताटात बारा ग्रॅम, भातातली वेगळी. लिंबामुळं अन्नातलं लोह अंगी लागायला मदत होते. जेवल्यावर लगेच चहा घेतला तर तेच लोह वाया जातं.

रेशनच्या तांदळाबद्दल एक अफवा अजून वस्तीत फिरते, की त्यात प्लास्टिकचे दाणे असतात. ते प्लास्टिक नाही. पोषणयुक्त तांदळात तांदळाच्याच पिठापासून केलेले, लोह, फोलिक अ‍ॅसिड आणि बी-१२ घातलेले दाणे मिसळतात, शंभराला एक या प्रमाणात. रंग थोडा वेगळा दिसतो, काही दाणे पाण्यावर तरंगतात. ते निवडून फेकू नका, तांदूळ चोळून चोळून धुवू नका, पेज ओतून देऊ नका. घरात कुणाला थॅलेसेमिया किंवा सिकलसेल असेल, तर मात्र आधी डॉक्टरांना विचारा.

अजिनोमोटोला आपण फार घाबरतो. थोड्या प्रमाणात ते विष नाही, पण घरच्या लसूण-पातीच्या फोडणीला त्याची गरजही नाही. खरी काळजी मिठाची करा. जागतिक आरोग्य संघटना सांगते, मोठ्या माणसानं दिवसभरात ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ खावं. सोया सॉसच्या एका मोठ्या चमच्यातच दोन ग्रॅमहून जास्त मीठ असतं. बीपीची गोळी चालू असलेल्या माणसाच्या ताटात सॉस नकोच. बाकीच्यांसाठी सगळ्या कढईला एक छोटा चमचा बास, आणि मग वरून मीठ कमी. लाल-केशरी रंग तर अजिबात नको. कर्नाटक सरकारनं मार्च २०२४ मध्ये गोबी मंच्युरियनमधल्या कृत्रिम रंगांवर बंदी घातली, ती उगाच नाही.

गाडीवाल्यांना शिव्या देण्यासाठी हे लिहीत नाही. गाडी लावणारा पोरगा बहुतेक वेळा आपल्याच वस्तीतला असतो, मेहनतीनं घर चालवतो. त्याला एवढंच सांगणं, सकाळी शिजवलेला भात रात्री दहापर्यंत वापरू नकोस. थोडा थोडा, दोन-तीनदा शिजव. तुझं गिऱ्हाईक आपलीच लेकरं आहेत.

आणि अंड्याबद्दल बोलायचं तर सरकारलाही विचारलं पाहिजे. शाळेच्या पोषण आहारात नोव्हेंबर २०२३ पासून आठवड्याला एक अंडं सुरू झालं होतं. जानेवारी २०२५ च्या शासन निर्णयानं त्याचा निधी बंद केला आणि अंडा पुलाव द्यायचा तर लोकवर्गणीतून द्या, असं सांगितलं. ज्यांच्या घरी अंडं रोज परवडत नाही, त्यांच्याच मुलांचं अंडं गेलं. शाळा व्यवस्थापन समितीत आपले पालक असतात. त्यांनी हा विषय बैठकीत मांडावा, ठराव करून पुढं पाठवावा.

एवढं करूनही कुणाला उलट्या-जुलाब झालेच, तर ओआरएसचं पाकीट त्यावर लिहिलेल्या मापाच्या स्वच्छ पाण्यात विरघळवून घोट घोट पाजा. लहान मुलांना जुलाब असतील तर आशाताईंकडून झिंकच्या गोळ्या घ्या आणि त्या १४ दिवस पूर्ण द्या. लघवी कमी झाली, डोळे खोल गेले, मूल सुस्त पडलं, शौचातून रक्त आलं किंवा उलटी थांबतच नसेल, तर घरी थांबू नका.

शेवटचा मुद्दा सार्वजनिक जेवणांचा. १४ एप्रिल ऐन उन्हात येतो. जयंतीला, बुद्ध पौर्णिमेला मोठ्या डेगीत सकाळी भात शिजतो आणि पंगत दुपार टळून गेल्यावर बसते. डेग जितकी मोठी, तितका भात आतून उशिरा गार होतो, म्हणजे जंतूंना तितका जास्त वेळ मिळतो. मंडळाच्या कार्यकर्त्यांनी तीन खेपांत शिजवायचं ठरवावं. आचाऱ्याला थोडा त्रास होईल, शेकडो माणसांचा त्रास वाचेल. आणि पंगतीला वाढताना, घरी वाढतानाही, स्वयंपाक करणाऱ्या बाईचं ताट आधी काढून ठेवा. ताज्या भाताचं, अंड्यासकट, पोटभर. समतेची सुरुवात व्हायला एवढी जागा पुरेशी आहे.

जयभीम.