वरातीतलं ‘झिंगाट’

संगीतकार अजय-अतुल गोगावले यांचं बालपण वडिलांच्या महसूल खात्यातल्या नोकरीमुळे राजगुरुनगर, जुन्नर, घोडेगाव, शिरूर असं फिरतीवर गेलं. शिरूर-दौंडकडच्या वरातीत त्यांच्या ‘सैराट’मधलं गाणं वाजतं तेव्हा ते परक्याचं वाटत नाही, याला हेही एक कारण असावं. २०१६च्या एप्रिलमध्ये हा चित्रपट आला. अल्बममध्ये गाणी चारच; त्यांतल्या ‘झिंगाट’ने मांडवात जे बस्तान बसवलं ते अजून हललेलं नाही. ते हलावं असं वाटणारे लोकही थोडेथोडके नाहीत, आणि त्यांचं म्हणणं उडवून लावण्यासारखं नाही.

हलगीवाला, सनईवाला, बँडवाला यांची तक्रार पोटाची आहे. लग्नसराईतली सुपारी डीजेकडे गेली की घरात शिकलेली कला पुढच्या पिढीला कोण शिकवणार? दौंड तालुक्यात चौफुल्याला लावणीची कलाकेंद्रं आहेत. तिथे लावणीसाठी पाय तयार व्हायला वर्षं जातात. झिंगाटवर मात्र कुणीही उड्या मारतो. शिवाय आवाज. निवासी भागात रात्रीची मर्यादा ४५ डेसिबल आहे, हे भिंती हादरवणाऱ्या गाडीसमोर कोण सांगणार?

मात्र यातला बराचसा दोष गाण्याचा नाही. डीजे २०१६च्या आधीच गावात आला होता, आणि बँडवाल्यांनीही सिनेमाची गाणी नेहमीच वाजवली. फरक इतकाच की तेव्हा नाचायला बहुधा हिंदी गाणं लागे. झिंगाटने ती जागा गावाकडच्या मराठीला दिली. दौंडहून सोलापूरकडे निघालेली गाडी जेऊरला थांबते. तिथून जवळच्या करमाळ्याच्या मुलखात हा चित्रपट घडतो, आणि गाण्याची बोलीही त्याच मातीची. २०१८मध्ये ‘धडक’साठी तीच चाल हिंदीत गेली. अजय-अतुल यांचीच ‘कोंबडी पळाली’ याआधी ‘चिकनी चमेली’ होऊन गेली होतीच. आणि ‘कुणीही उड्या मारतो’ ही तक्रार उलटूनही वाचता येते: ज्याला नाच कधी शिकायला मिळाला नाही, त्यालाही मांडवात जागा मिळाली.

याहून गंभीर आक्षेप वेगळा आहे, आणि मला तो पटतो. चित्रपटात हे गाणं पाटलांच्या घरच्या वाढदिवसाला वाजतं आणि त्याच रात्री पाटलांची मुलगी आर्ची आणि तिचा प्रियकर परश्या पकडले जातात. पुढे जे होतं ते जातीबाहेरच्या प्रेमाची किंमत म्हणून होतं. जे घर असं लग्न कधीच लावू देणार नाही, तेच घर पोराच्या वरातीत या गाण्यावर बेभान होतं. दिग्दर्शक नागराज मंजुळे यांनी विचारलेला प्रश्न ठेक्यात बुडाला, असं कुणी म्हटलं तर उत्तर देणं जड जातं.

दुसरीकडे, गाण्याने गोष्टीचं ओझं जन्मभर वाहावं ही अपेक्षाही जास्तच आहे. शिवाय या ठेक्यानेच एरवी असा चित्रपट पाहिला नसता अशा माणसांना थिएटरात आणलं. शंभर कोटींवर गेलेला तो पहिला मराठी चित्रपट. त्या गर्दीत जातीच्या भिंतीच्या दोन्ही बाजूंची घरं होती. मला खरी हळहळ वाटते ती उरलेल्या तीन गाण्यांची. लॉस एंजेलिसच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर वाद्यवृंद बसवून जे काम झालं, ते वरातीच्या गोंगाटात कुणाला ऐकू येणार?

तरीही एकूण जमाखर्च मांडला तर मी अल्बमच्या बाजूने झुकतो, एका अटीवर. वरातीत झिंगाट वाजू दे, पण रात्री दहाच्या आत. गावच्या यात्रेतल्या छबिन्याच्या मिरवणुकीची सुपारी मात्र गावकीने हलगी-सनईवाल्यांनाच द्यावी. ‘पोरं ऐकणार नाहीत’ असं पंच म्हणतील. पण वर्गणीचा हिशेब पोरांकडे नसतो, पंचांकडेच असतो.