दोष गळ्याचा नव्हे, दुभाष्याचा!

चंदीगड म्हटलं की आखीव सेक्टर, सुखना तलाव आणि रॉक गार्डन आठवतं. गाण्याच्या मंडळींना मात्र हे शहर आणखी एका कारणानं ठाऊक आहे. १९५६ साली सुरू झालेल्या प्राचीन कला केंद्राचं हे गाव. या केंद्राच्या संगीत-नृत्याच्या परीक्षांना देशभरातून विद्यार्थी बसतात.

अशा गावी बदली झालेल्या मराठी घरातली मुलगी पुण्याच्या गुरूंकडे गाणं शिकत असेल, तर तिचा रियाझ गुरूंपर्यंत पोहोचतो तो संगणकावरूनच. त्यासाठी घरात स्वस्तातला ऑडिओ इंटरफेस येतो. मायक्रोफोनचा आवाज आकड्यांत बदलून यूएसबीच्या वायरीतून संगणकाला देणारा हा छोटा डबा. पण पहिल्याच दिवशी आवाज येत नाही. आलाच तर तडतडतो, नाहीतर मागे रेंगाळतो. आपलाच आवाज कानात उशिरा पडला की पक्क्या गवयाचीही लय ढळते. शिकणाऱ्या पोरीला मात्र वाटतं, आपल्याला गाणं येतच नाही!

खरा गोंधळ बहुधा ड्रायव्हरचा असतो. ड्रायव्हर म्हणजे डबा आणि संगणक यांच्यातला दुभाषा. यूएसबी १९९६ मध्ये आली. ती घडवणाऱ्यांत बडोद्यात शिकलेले इंटेलचे अजय भट्ट होते. विंडोज १० मध्ये २०१७ पासून यूएसबी ऑडिओ २ पद्धतीचा दुभाषा आतच असतो. मॅकला तर बहुधा वेगळा लागतच नाही. तरीही कंपनीनं स्वतःचा ड्रायव्हर दिला असेल, तर विंडोजवर तोच घालावा.

डब्याखालचा मॉडेल क्रमांक पाहून तो कंपनीच्याच संकेतस्थळावरून घ्यावा. भलत्या ठिकाणच्या ‘फुकट ड्रायव्हर’बरोबर व्हायरसही घरात येतो. आधी ड्रायव्हर घालावा, संगणक बंद करून पुन्हा सुरू करावा आणि मग डबा थेट संगणकाला जोडावा. ध्वनीच्या सेटिंगमध्ये इनपुट म्हणून तोच निवडावा आणि मायक्रोफोन वापरण्याची परवानगी चालू आहे ना, तेही पाहावं.

ध्वनिमुद्रणाच्या प्रोग्रॅममध्ये ‘असिओ’ ड्रायव्हर निवडला की उशीर घटतो. कंपनीचा नसेल, तर ‘असिओफोरऑल’ मोफत मिळतो. बफर २५६ ठेवावा. सेकंदाला ४८,००० नमुने धरले, तर एवढा बफर भरायला जेमतेम पाच मिलिसेकंद लागतात. तडतड झाली तर ५१२ करावा. डब्यावर ‘डायरेक्ट मॉनिटर’चं बटण असेल तर ते दाबावं, मग गाताना आवाज संगणकाला वळसा न घालता थेट हेडफोनमध्ये येतो.

कंडेन्सर मायक्रोफोनला ४८ व्होल्ट लागतात, त्याचं बटण विसरू नये. घूंऽऽ असा आवाज येत राहिला, तर लॅपटॉपचा चार्जर काढून बघावा. आवाज थांबला तर घरातलं अर्थिंग तपासून घ्यावं.

एवढं झालं की अर्धा मिनिट गाऊन स्वतः ऐकावं आणि मगच गुरुजींना पाठवावं. त्यानंतर लय चुकली, तर मात्र तंबोरा लावून बसण्याला पर्याय नाही!