खोटी पोटदुखी

मागच्या शनिवारी गुरुजींनी आम्हाला एक कार्टून सिनेमा दाखवला. नाव ‘द वाइज लिटल हेन’, म्हणजे शहाणी कोंबडी. तो अमेरिकेत वॉल्ट डिस्ने यांच्या स्टुडिओत १९३४ साली तयार झाला. डोनाल्ड डक हे बदक पडद्यावर पहिल्यांदा आले ते याच सिनेमात. आम्ही लई हसलो.

गोष्ट अशी आहे. कोंबडीला मका पेरायचा असतो. ती पीटर डुकराला आणि डोनाल्डला मदतीला बोलावते. काम म्हटले की दोघांचे पोट दुखू लागते! कोंबडी बिचारी आपल्या पिलांना घेऊन मका पेरते. काढणीच्या वेळीही दोघांचे तेच सोंग. मग कोंबडी मक्याचे छान छान पदार्थ करते. तेव्हा दोघे लगेच ठणठणीत! पण ती त्यांना खायला देत नाही, एरंडेल देते.

आमच्या वर्गातली काही मुले म्हणाली, कोंबडी दुष्ट आहे, थोडे तरी द्यायचे. मला तसे वाटत नाही. तिने त्यांना एकदा नाही, दोनदा बोलावले होते. पिलांनी उन्हात काम केले, म्हणून पिलांनी खाल्ले. आणि पोट दुखते असे ते दोघेच म्हणाले होते. मग औषध दिले तर तिचे काय चुकले?

आता एक खरे सांगतो. दिवाळीच्या सुट्टीत दादांनी मका खुडायला चल म्हटले, तेव्हा माझेही पोट असेच दुखले होते. मी घरी गोट्या खेळलो. माझ्या वाटणीच्या दोन सऱ्या ताईने खुडल्या. तिचे हात पानांनी कापले होते. संध्याकाळी आईने कणसे भाजली. ताईने आपले अर्धे कणीस मोडून मला दिले आणि विचारले, “आता बरं वाटतंय का रे?”

एरंडेल मी नाक दाबून प्यालो असतो. पण ते अर्धे कणीस काही केल्या गिळेना.

दुसऱ्या दिवशी मी ताईच्या आधी शेतात गेलो. म्हणून माझे मत असे की, कोंबडीचे बरोबर आहे, पण माझी ताई कोंबडीपेक्षा शहाणी आहे. ताईला हे अजून माहीत नाही. आज ती आईबरोबर शाळा बघायला येणार आहे. तिने हे वाचावे म्हणून मी अक्षर मोठे काढले आहे.

इयत्ता चौथी