हप्ता बसतो, उठत नाही

मराठी मध्यमवर्गाच्या तोंडी असलेल्या एका प्रश्नावर कायद्याने बंदी घालावी, असं माझं बऱ्याच दिवसांपासूनचं मत आहे. तो प्रश्न म्हणजे, "हप्ता किती बसतो?"

बंदीच्या बाबतीत आमच्या भागाचा अनुभव फारसा चांगला नाही, हे मला ठाऊक आहे. 'अलिबाग से आया है क्या?' हे वाक्य ऐकून कान किटल्यावर आमच्याकडच्या एका गृहस्थांनी २०१९ साली थेट मुंबई उच्च न्यायालयात याचिका केली, की या वाक्यावर बंदी घाला. न्यायालयाने ती फेटाळली. फेटाळली ते बरंच झालं. कारण गेली वीसेक वर्षं बँकेच्या काउंटरमागे बसून मी घरकर्जाच्या कागदांवर सह्या करणारी माणसं पाहतो आहे. त्यांत दादरहून आलेले असतात, पुण्याहून आलेले असतात, मास्तर असतात, इंजिनियर असतात, एक तर चक्क चार्टर्ड अकाउंटंट होते. पण सही करण्याच्या त्या एका क्षणापुरते सगळेच्या सगळे अलिबागहून आलेले असतात!

आता हाच माणूस बाजारात पाहा. पांढऱ्या कांद्याची माळ घेताना तो ती हातात तोलून पाहतो, आतले दोन कांदे दाबून पाहतो आणि पाच रुपयांसाठी तीनदा निघून जाण्याचं नाटक करतो. जिताडा घ्यायचा तर कल्ले उघडून लाल आहेत का बघतो. बोंबलांच्या वाट्यावर "मावशी, आणखी दोन टाका" असं म्हटल्याशिवाय त्याचा हात खिशाकडे जात नाही. पण "मावशी, या जिताड्याचा हप्ता किती बसतो?" असं विचारणारा इसम मला अजून भेटायचा आहे. तिथे तो विचारतो, "एकूण किती झाले?" आणि आयुष्यातली सर्वांत मोठी खरेदी करायला जो बँकेत येतो, तो हाच!

धरा, ३० लाखांचं कर्ज आहे. मुदत २० वर्षं, व्याज साडेआठ टक्के. हप्ता बसतो २६,०३५ रुपये. माणूस डोळे मिटतो, मनातल्या मनात पगारातून किराणा, शाळेची फी, आईची औषधं वजा करतो आणि म्हणतो, "बसतो की!" लगेच घरी फोन. संध्याकाळी पेढे. मी बी. कॉम. आहे. माझ्या इतर काही कलागुणांबद्दल घरात मतभेद आहेत, पण २६,०३५ ला २४० ने मला गुणता येतं. उत्तर येतं ६२ लाख ४८ हजार. म्हणजे ३० लाखांच्या कर्जापायी साडेबत्तीस लाखांच्या आसपास नुसतं व्याज. हा आकडा पेढ्याच्या बॉक्सवर कोणी छापत नाही.

आणि हे बरं दिसणारं अंग झालं. याला 'समान मासिक हप्ता' म्हणतात. पण तो समान फक्त बाहेरून असतो. आत व्याज आणि मुद्दल यांचं नातं जुन्या घरातल्या जावांसारखं आहे. थोरली आधी पोटभर जेवते, मग पातेल्यात काही उरलंच तर धाकटीला. पहिल्या २६,०३५ रुपयांतले २१,२५० व्याज खातं. मुद्दलाच्या ताटात पडतात ४,७८५. निम्मा हप्ता मुद्दलाकडे वळायला बारावं वर्ष उजाडावं लागतं. दहा वर्षं इमानेइतबारे, एकही तारीख न चुकवता भरणाऱ्या माणसाचा हिशेब असा असतो : घेतले ३० लाख, भरले ३१ लाख २४ हजार, आणि बाकी अजून २१ लाख. हा हिशेब मी आजवर ज्यांना ज्यांना सांगितला त्यांतल्या प्रत्येकाने चूक संगणकाची धरली.

आपले पूर्वज याबाबतीत आपल्याहून तापट होते. त्यांच्याकडे 'दामदुपट' नावाचा एक नियम होता. व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येणार नाही, दामाची फार तर दुप्पट, पुढे नाही. इंग्रजी अमलात मुंबई प्रांतातल्या कोर्टांनीही तो मानला. सावकार हिशेबात फार पुढे गेला तेव्हा १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकऱ्यांनी त्याची कर्जखतं काढून जाळली, आणि १८७९ साली सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा करावा लागला. अलिबागजवळच्या चरीच्या कुळांनी तर नारायण नागू पाटलांच्या मागे उभं राहून १९३३ ते १९३९ अशी सहा वर्षं खोतांची जमीन कसली नाही. उपाशी राहिले, पण खोताच्या हिशेबावर अंगठा उठवला नाही. त्याच परिसरातले आपण, दामदुपटीच्या वर अडीच लाख देण्याचं लिहून देतो आणि वर सत्यनारायण घालतो.

दामदुपटीच्या नियमात एक बारीक फट होती. 'एका वेळी' हे ते दोन शब्द. दर महिन्याला थोडं थोडं व्याज घेत गेलं तर दामदुपट आड येत नाही. हप्त्याची सगळी जादू या दोन शब्दांत आहे. ६२ लाख एकदम मागितले तर माणूस काठी घेऊन अंगावर येईल. तेच २४० वेळा मागितले तर 'थँक्यू' म्हणून जातो. आपल्याकडे हप्ता बँकेलाही देतात आणि गल्लीतल्या दादालाही; पण वीस वर्षांचा करार करून, साक्षीदार बोलावून, मुद्रांक शुल्क भरून दादाला हप्ता दिल्याचं मी ऐकलेलं नाही.

यावर लोक काय म्हणतात ते मला पाठ आहे. पहिलं म्हणजे, "तुम्ही बँकेतले असून बँकेविरुद्ध बोलता?" मुळीच नाही. तुमच्या सासऱ्यांच्या मुदतठेवीवरचं व्याज याच हप्त्यांतून जातं, आणि माझा पगारही. बँक आकडा लपवतही नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून तर रिझर्व्ह बँकेच्या नियमाने कर्जासोबत एक तपशीलपत्रक द्यावं लागतं. त्यात सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर आणि हप्त्यांचं वेळापत्रक असतं, तेही कर्जदाराला कळेल अशा भाषेत. लोक त्या पत्रकावर नेमकी फुली कुठे आहे ते विचारतात आणि सही करतात.

दुसरं, "अहो, पैशाची किंमत घसरते. वीस वर्षांनी २६ हजारांत काय येणार?" खरं आहे. पण पगार वाढत राहिला पाहिजे, आणि व्याजाचा दर जागेवर राहिला पाहिजे. या दोन गोष्टी कोणी लिहून दिल्या आहेत? तिसरं, "भाडं तरी जातंच ना!" तेही खरं. मग भाड्याची बेरीज आणि व्याजाची बेरीज शेजारीशेजारी मांडा, आणि ज्या बाजूला कमी दिसेल तिकडे जा. माझं भांडण कर्जाशी नाहीच, बेरीज न करण्याशी आहे. चौथं, "टॅक्स वाचतो!" जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची २ लाखांपर्यंत वजावट मिळते. तीस टक्क्यांत बसणाऱ्याचे साठेक हजार वाचतात. त्यासाठी आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षी अडीच लाखांवर व्याज भरायचं. आणि नव्या करपद्धतीत राहत्या घराला तेवढंही नाही. पाचवं, "घराची किंमत वाढते." वाढते ना! पण शेजारच्याचीही वाढते. विकून राहायला कुठे जाणार, कुलाबा किल्ल्यात?

मघाचं उदाहरण मी दर स्थिर धरून दिलं, म्हणजे ते सौम्य आहे. बहुतेक घरकर्जं तरत्या दराची असतात. तरणाऱ्या वस्तूंवर किती भरवसा ठेवावा हे मांडव्याच्या धक्क्यावर उभ्या राहणाऱ्याला सांगावं लागू नये. मे २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ मध्ये तो साडेसहावर गेला. आता समजा, २०२१ साली कोणी ७ टक्क्यांनी ३० लाख घेतले. हप्ता २३,२५९. वर्षभर भरले. मग ही अडीच टक्क्यांची वाढ त्याच्या दरात उतरली. ती एकदम धरली, तर त्याच्या हप्त्यातले २३,१८५ रुपये व्याजाला लागतात आणि मुद्दलात जातात... ७४ रुपये. चौऱ्याहत्तर! आणि हप्ता तेवढाच ठेवला तर कर्ज फिटायला साधारण ६१ वर्षं लागतील. माणसाला मात्र हे कळतच नाही, कारण त्याचा लाडका प्रश्न असतो, 'हप्ता किती?', आणि हप्ता तर तितकाच आहे! अखेर १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेला सांगावं लागलं, की दर बदलला की गिऱ्हाइकाला कळवा, आणि हप्ता वाढवायचा की मुदत, हे त्याला विचारा. २०२५ साली दर खाली आले, तेव्हा मुदत किती उतरली हे विचारायला आमच्या काउंटरवर दोन माणसं आली. त्यांतला एक पत्ता विचारायला आला होता.

दुसरी मोठी फसगत 'सवलत' या गोड शब्दाची. ३ जून २०२० रोजी निसर्ग वादळ आमच्या किनाऱ्यावर आदळलं. मुरूड-श्रीवर्धनकडे सुपारीच्या बागा झोपल्या, कौलं उडाली, पत्रे उडाले. करोनामुळे त्या वर्षी मार्च ते ऑगस्ट हप्ते थांबवायची मुभा होती, आणि ज्यांच्या डोक्यावर छप्पर उरलं नव्हतं त्यांना ती घ्यावीच लागली. त्यांना मी काय बोलणार? पण ज्यांची कौलं शाबूत होती आणि पगार चालू होता, त्यांनीही 'सरकारने सोडलेत, तर कशाला भरा' म्हणून ती घेतली. हप्ता थांबला, व्याज थांबलं नव्हतं. व्याजावरचं व्याज पुढे सरकारने परत केलं, पण मूळ व्याज डोक्यावर राहिलंच. आपल्याच ३० लाखांच्या नव्याकोऱ्या कर्जात सहा महिने हप्ता थांबवला, तर १ लाख २७ हजार ५०० मुद्दलात जाऊन बसतात. आणि हप्ता तोच ठेवला तर २४० च्या जागी २७० हप्ते भरावे लागतात. सहा चुकवले, तीस वाढले. कर्जात मिसळलेल्या विम्याचंही हेच. एक लाखाचा हप्ता 'कशाला वेगळा भरता, कर्जातच टाकू' म्हणून टाकला, की तो वीस वर्षांत दोन लाख आठ हजारांना पडतो.

आता एक घरातली गोष्ट सांगतो. बऱ्याच सरकारी बँका आपल्या कर्मचाऱ्यांना घरकर्ज देतात ते सरळ व्याजाने, आणि कापताना आधी मुद्दल कापतात, व्याज मागाहून. म्हणजे थोरल्या जावेला उंबऱ्याबाहेर बसवून धाकटीला आधी वाढतात. हे फार बोलकं आहे. ज्यांना व्याज कसं चालतं ते कळतं, त्यांनी स्वतःसाठी पंगतीचा क्रमच बदलून घेतला आहे. वैद्य स्वतः आजारी पडल्यावर कोणतं औषध घेतो ते पाहावं, म्हणतात ते याचसाठी.

मला खरी चीड येते ती एका विशिष्ट गिऱ्हाइकासाठी. २०२० पासून मांडव्याला रो-रो बोट लागते, जानेवारी २०२४ पासून अटल सेतू आहे. मुंबई जवळ आली तशा जमिनी दूर गेल्या. कुणाच्या आजोबांनी वाडी विकली, तिथे इमारत उभी राहिली, आणि आता नातू त्याच इमारतीत दोन खोल्या घ्यायला वीस वर्षांच्या कर्जाचा फॉर्म घेऊन माझ्यासमोर बसतो. आजोबांनी विकताना विचारलं होतं, "रोख किती?" नातू घेताना विचारतो, "हप्ता किती?" दोघांनीही एकदाच, शांतपणे, 'एकूण किती?' असं विचारलं असतं तर कदाचित पोराला स्वतःच्याच विहिरीच्या जागेवरचं पार्किंग विकत घ्यावं लागलं नसतं.

उपाय फार मोठा नाही. मुदत जितकी झेपेल तितकी आखूड घ्या. वर्षाला एक हप्ता जास्तीचा भरा. बोनसचा भरा, दिवाळीचा भरा. आपल्या उदाहरणात तेवढ्याने कर्ज तीन वर्षांहून आधी फिटतं. तरत्या दराचं वैयक्तिक घरकर्ज आधी फेडलं म्हणून बँकेला दंड घेता येत नाही. आणि बँकेत आल्यावर बाजारात कोळणीसमोर जो आवाज लावता, तोच लावा : "एकूण किती झाले?" पहिल्यांदा आम्ही दचकू. पण होईल सवय. तिलाही झालीच आहे.