मनोरुग्णसेवा : आपल्या मुलामुलींसाठी परवान्याचा पेशा

बोईसर-तारापूरच्या औद्योगिक वसाहतीतील कारखानदार आपला बॉयलर कोणाच्या हाती देतो? ज्याच्याजवळ बॉयलर अटेंडंटचे प्रमाणपत्र आहे, त्याच्याच. पालघरच्या बाजारात काट्यावर वैधमापन खात्याचा शिक्का नसेल तर दुकानदाराला दंड होतो. टेम्पो चालवणाऱ्याला लायसन्स लागते, वायरमनला परवाना लागतो. आपण धंद्याची माणसे. कोणते काम कोणाच्या हाती द्यावे आणि त्याचे कागद आधी कसे तपासावेत, हे आपल्याला कोणी शिकवायला नको. मात्र घरातील भावाचे, मुलीचे किंवा म्हाताऱ्या आईचे मन बिघडते तेव्हा आपण त्यांना कोणाच्या हाती देतो, याचा हिशेब आपल्यापैकी फार थोड्यांनी केला असेल. आज आम्ही व्यापार-उद्योगाच्या या पानावर तोच हिशेब मांडणार आहोत, कारण त्यात आपल्या तरुणांच्या रोजगाराचाही प्रश्न आहे.

पालघर-मनोर रस्त्यावरचे, सूर्या नदीकाठचे मासवणच घ्या. येथे प्राथमिक आरोग्य केंद्र आहे. तापासाठी, बाळंतपणासाठी, लसीकरणासाठी लोक तेथे जातात. पण एखाद्याची झोप उडाली, तो एकटाच बोलू लागला, कामावर जाईना, जिवाचे बरेवाईट करण्याची भाषा करू लागला, तर घरचे लोक आधी गोष्ट झाकतात. मग तावीज, मग दर्गा, मग कोणी सांगेल तो माणूस. डॉक्टरचे नाव निघेपर्यंत वर्ष-दोन वर्षे निघून जातात. पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ रोजी वेगळा झाला, तरी सरकारी मनोरुग्णालयात भरती करायचे म्हटले तर आजही ठाणे गाठावे लागते. तेथील मनोरुग्णालय १९०१ सालचे. महाराष्ट्राची जुनी प्रादेशिक मनोरुग्णालये चारच : ठाणे, पुणे, नागपूर आणि रत्नागिरी.

दरम्यानच्या काळात धंद्याचे काय होते ते सांगायला नको. शिलाई कारागीर महिनाभर मशीनवर बसला नाही की ऑर्डर दुसरीकडे जाते. दुकानाचा कर्ता माणूस खचला की उधारी वसूल होत नाही आणि माल देणारा हात आखडता घेतो. आजारी माणसाला सांभाळायला घरातील आणखी एकजण अडकतो. म्हणजे एका आजाराने दोन कमावते हात थांबतात.

हा आजार चार-दोन घरांपुरता आहे, असे कोणी समजू नये. बंगळुरूच्या निम्हान्स संस्थेने २०१५-१६ मध्ये देशातील १२ राज्यांत राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षण केले. त्यात आपला शेजारी गुजरातही होता. शंभर प्रौढ माणसांत दहा ते अकरा जणांना त्या वेळी कोणता ना कोणता मानसिक आजार होता, असे त्यात आढळले. आजारानुसार ७० ते ९२ टक्के लोकांपर्यंत उपचार पोचलेलेच नव्हते. व्यापाऱ्याच्या भाषेत सांगायचे तर गरज प्रचंड आहे आणि ती भागवणारी शिकलेली माणसे फार थोडी आहेत. आमच्या मुलांनी याकडे का पाहू नये?

काम काय असते?

मनोरुग्णाची सेवा म्हणजे त्याला धरून ठेवणे, ही समजूत आधी काढून टाकली पाहिजे. प्रशिक्षित सेवक औषध वेळेवर देतो आणि ते खरोखर गिळले की नाही ते पाहतो. रुग्ण जिवाला अपाय करील अशी चिन्हे दिसताच सावध होतो. चिडलेल्या माणसाशी आवाज न चढवता बोलून त्याला शांत करतो. अंघोळ, जेवण, झोप यांची घडी पुन्हा बसवून देतो. दिवसभरात काय पाहिले त्याची नोंद ठेवतो आणि घरच्यांना पुढची काळजी समजावून देतो.

यात बारकाईचे ज्ञान लागते. लिथियम नावाचे औषध घेणाऱ्याच्या रक्तातील त्याचे प्रमाण मधूनमधून तपासावे लागते. अंगातील पाणी कमी झाले की ते प्रमाण वाढून विषबाधा होऊ शकते. तारापूरच्या कारखान्यात भट्टीजवळ घाम गाळणारा कामगार आणि रमजानमध्ये रोजे ठेवणारा रुग्ण, दोघांनाही हा धोका आहे. अशा रुग्णाने रमजानपूर्वीच डॉक्टरांचा सल्ला घेतला पाहिजे आणि मनाने औषध बंद करता कामा नये. आता हे त्याला वेळेवर कोण सांगणार? ज्याला औषधही कळते आणि घरातले रीतिरिवाजही कळतात, जो रुग्णाशी त्याच्या बोलीत बोलू शकतो, तोच. आपल्यातील मुलेमुली या पेशात असावीत असे आम्ही म्हणतो, त्याचे हे एक साधे कारण आहे. त्यांचा उपयोग सर्वच रुग्णांना होईल, हे वेगळे सांगायला नको.

परवाना कोठे मिळतो?

अमेरिकेतील कॅन्सस राज्यात या कामासाठी परवानाधारक मानसिक आरोग्य तंत्रज्ञ असा स्वतंत्र दर्जा आहे आणि परवाना तेथील नर्सिंग बोर्ड देते. कॅलिफोर्नियातही प्रशिक्षण, परीक्षा आणि मग परवाना अशी पद्धत आहे. आपल्याकडे या नावाचा वेगळा परवाना नाही. २०२१ च्या संलग्न आरोग्य व्यवसायांच्या केंद्रीय कायद्याने आपल्या यादीत मानसिक आरोग्य साहाय्यक हे नाव घेतले आहे. पण आज भक्कम रस्ता हवा असेल तर तो नर्सिंगमधून जातो.

२०१७ चा मानसिक आरोग्यसेवा कायदा २०१८ मध्ये अमलात आला. त्यात मानसिक आरोग्य परिचारिका कोणाला म्हणावे हे लिहिलेले आहे. जनरल नर्सिंगची किंवा मनोरुग्ण नर्सिंगची मान्यताप्राप्त पदविका वा पदवी हवी आणि राज्याच्या नर्सिंग कौन्सिलकडे नोंदणी हवी. मानसिक आरोग्य क्षेत्रात काम करणाऱ्या अशा परिचारिका, चिकित्सक मानसशास्त्रज्ञ आणि मनोविकार समाजकार्यकर्ते यांची नोंद राज्य मानसिक आरोग्य प्राधिकरणाने ठेवावी, असेही कायदा सांगतो.

बारावीनंतर जी.एन.एम. ही तीन वर्षांची पदविका किंवा बी.एस्सी. नर्सिंग ही चार वर्षांची पदवी घेता येते. दोन्हींत मनोरुग्ण नर्सिंग हा विषय असतो. त्यानंतर मनोरुग्ण नर्सिंगची एक वर्षाची विशेष पदविका करता येते. ए.एन.एम. हा दोन वर्षांचा अभ्यासक्रम उपयोगी आहे, पण कायद्याच्या वरील व्याख्येत तो बसत नाही, हे पालकांनी आधीच ध्यानात घ्यावे. जी.एन.एम. आणि बी.एस्सी. मुलांनाही खुले आहे, आणि मनोरुग्णालयांच्या पुरुष विभागात शिकलेल्या ब्रदरची गरज असतेच. ज्यांना समुपदेशनाकडे व कुटुंबांबरोबर काम करण्याकडे ओढा आहे त्यांच्यासाठी समाजकार्याचा रस्ता आहे. तो लांबचा आहे : पदव्युत्तर पदवी आणि त्यावर मनोविकार समाजकार्याचे विशेष शिक्षण.

नोकऱ्या मनोरुग्णालयांत आहेत, खासगी दवाखान्यांत आहेत, व्यसनमुक्ती केंद्रांत आहेत. १९९६ मध्ये सुरू झालेल्या जिल्हा मानसिक आरोग्य कार्यक्रमाच्या पथकातही परिचारिकेची आणि समाजकार्यकर्त्याची जागा असते. ज्यांना आखातात जायचे आहे त्यांना तेथेही मूळ देशातील नोंदणी, कामाचा अनुभव आणि तेथील परीक्षा लागते. म्हणजे पाया येथेच घालावा लागतो.

खोट्या नाण्यापासून सावध

गरज दिसली की बाजारात नकली माल येतो, हे व्यापाऱ्याला सांगायला नको. तीन महिन्यांत समुपदेशक, सहा महिन्यांत मानसोपचार तज्ज्ञ अशा पाट्या लावून फी घेणारे आहेत. रंगीत प्रमाणपत्र मिळते, फ्रेमही मिळते, नोकरीच्या वेळी मात्र ते कोणी विचारात घेत नाही. पालकांनी फी भरण्यापूर्वी एकच प्रश्न विचारावा : हा अभ्यासक्रम पूर्ण केल्यावर माझ्या मुलीचे नाव कोणत्या कौन्सिलच्या रजिस्टरमध्ये चढेल? सरळ उत्तर आले तर त्या कौन्सिलच्या मान्यताप्राप्त संस्थांच्या यादीत त्या कॉलेजचे नाव आहे का, ते स्वतः पाहावे. उत्तर टाळले तर पैसे खिशात ठेवून घरी यावे.

दवा आणि दुआ

आमच्या वाचकांपैकी अनेकांना दर्ग्याविषयी आस्था आहे. तिला धक्का लावण्याचा आमचा हेतू नाही. पण दोन घटना समोर ठेवतो. तमिळनाडूतील एरवाडी येथे ६ ऑगस्ट २००१ रोजी पहाटे दर्ग्याच्या परिसरातील एका खासगी आश्रयगृहाला आग लागली. रुग्ण साखळ्यांनी बांधलेले होते, त्यांना पळता आले नाही आणि २८ जणांचा बळी गेला. सांभाळण्याच्या नावाखाली पैसे घेणारे होते, शिकलेला सेवक नव्हता. आज २०१७ च्या कायद्याने रुग्णाला साखळीने बांधण्यास साफ मनाई केली आहे.

दुसरी घटना आपल्या जवळची. गुजरातमधील मेहसाणा जिल्ह्यात उनावा येथे मीरा दातार यांचा दर्गा आहे. तेथे २००८ पासून एका स्वयंसेवी संस्थेने सरकारच्या मदतीने दवा आणि दुआ असा उपक्रम चालवला. दर्ग्याच्या आवारातच मनोविकाराचा दवाखाना उघडला आणि मुजावरांना आजाराची लक्षणे ओळखायला शिकवले. भाविकाची दुआ चालू राहिली आणि त्याला गोळीही मिळू लागली. एरवाडी आणि उनावा यांतला फरक शिकलेल्या हातांचा आहे.

लोक काय म्हणतील?

आम्हाला ठाऊक आहे की पहिला आक्षेप हाच येईल. वेड्यांच्या इस्पितळात नोकरी करणाऱ्या मुलीचे लग्न कसे होणार? रात्रपाळीचे काय? पगार किती? यातील पगाराचा आक्षेप खरा आहे. खासगी दवाखान्यात सुरुवातीला पगार तुटपुंजा असतो आणि तीन-चार वर्षे शिकावे लागते. पण दुकानातही पहिली दोन-तीन वर्षे नफा कोठे असतो? मालाची फॅशन जाते, शेजारी मोठे दुकान उघडते, ऑनलाइन विक्रीने गिऱ्हाईक तुटते. नोंदणीकृत परिचारिकेच्या हातचे कौशल्य मात्र वेळोवेळी नोंदणी नूतनीकरण करून ती कोठेही घेऊन जाऊ शकते. रात्रपाळीबाबत सुरक्षित वसतिगृह आणि येण्याजाण्याची सोय पाहूनच संस्था निवडावी. पालकांनी असा आग्रह धरणे योग्यच आहे. लग्नाच्या आक्षेपाला आमचे उत्तर एवढेच की तापाच्या रुग्णाची सेवा इज्जतीची आणि मनाच्या रुग्णाची कमीपणाची, हा भेद आपणच केला आहे आणि आपणच तो मोडू शकतो.

आमची सूचना

मासवण, मनोर, पालघर, बोईसर, तारापूर, चिंचणी या पट्ट्यातील व्यापारी आणि कारागीर मंडळींनी एकत्र येऊन दरवर्षी दोन विद्यार्थ्यांचा नर्सिंगचा खर्च उचलावा, शक्यतो एक मुलगी आणि एक मुलगा. दरवर्षी दोन धरले तरी दहा वर्षांत वीस होतात. मौलाना आझाद अल्पसंख्याक आर्थिक विकास महामंडळाची शैक्षणिक कर्ज योजना आहे, अल्पसंख्याक विद्यार्थ्यांसाठी राज्याच्या शिष्यवृत्त्या आहेत. अर्ज वेळेत भरून देणारा एक जाणता माणूस प्रत्येक मोहल्ल्यात नेमला तरी निम्मे काम होईल. यासाठी जकात-सदक्याची रक्कम वापरावी की नाही ते आलिम सांगतील. आम्ही गुंतवणूक म्हणून बोलत आहोत. विद्यार्थ्याकडून एकच कबुली घ्यावी : नोंदणी झाल्यावर त्याने काही काळ याच पट्ट्यात काम करावे आणि कमावता झाल्यावर पुढच्या विद्यार्थ्याच्या फीत आपला वाटा घालावा.

ही मुले तयार होईपर्यंत ज्या घरात आज आजार आहे त्यांनी थांबू नये. २०२२ मध्ये सुरू झालेली सरकारची टेली-मानस दूरध्वनी सेवा १४४१६ या क्रमांकावर आहे. ती मोफत आहे आणि रात्रंदिवस चालते. मेडिक्लेम असणाऱ्यांनी पॉलिसी काढून पाहावी. शारीरिक आजारासारखाच मानसिक आजाराचाही विमा दिला पाहिजे, असे विमा कंपन्यांवर कायद्याचे बंधन आहे.

बारावीचा निकाल लागला की आपल्या घरांत पुढचे काय याची चर्चा सुरू होते. दुकान, गॅरेज, आखात, हीच नावे फिरून फिरून येतात. येत्या निकालानंतर त्या चर्चेत मनोरुग्णसेवेचेही नाव यावे. ज्यांची मुले विज्ञान शाखेत आहेत त्यांनी आजच नर्सिंग प्रवेशाचे चालू वर्षाचे नियम मागवावेत, आणि ज्यांच्या हातात जमातीचे किंवा व्यापारी मंडळाचे काम आहे त्यांनी पुढच्याच बैठकीत दोन विद्यार्थ्यांचा विषय मांडावा. घरातले माणूस अनोळखी हातांत देण्याची वेळ उद्या कोणावरही येऊ शकते. ते हात शिकलेले असावेत, याची तजवीज मात्र आजच करावी लागेल.