हे कशावरून?

सहलीचा दिवस ठरला, की मुलांच्या अंगावर मूठभर मांस चढते. आदल्या रात्री झोप लागत नाही, पहाटे डबे भरले जातात, आणि गाडीत खिडकीजवळ कोणी बसायचे यावरून गोड भांडणे होतात. या आनंदाला कोणी नावे ठेवू नयेत. परंतु सायंकाळी गाडी शाळेच्या दाराशी परत आली, आणि घरी वडील मंडळींनी "आज काय पाहिलेस?" असे विचारले, म्हणजे पुष्कळांचे उत्तर ठरलेले असते. "देऊळ पाहिले, किल्ला पाहिला, जेवलो आणि आलो!" शेकडो वर्षांपूर्वीची स्थळे पाहून यावे, आणि पदरात मात्र एवढेच पडावे, हे योग्य नव्हे.

यात स्थळांचा दोष नाही. पाहणाऱ्यांची बुद्धी मंद असते, असेही नाही. दोष आहे तो पाहण्याच्या रीतीचा. मार्गदर्शक पुढे उभा राहून भराभर सांगत जातो, मुले माना डोलावतात, आणि सारे पुढच्या स्थळाकडे चालू लागतात. माझे मत असे आहे, की प्रत्येक विद्यार्थ्याने सहलीला निघताना शिदोरीबरोबर एक लहानसा प्रश्नही बांधून घ्यावा. तो प्रश्न म्हणजे, "हे कशावरून?"

उदाहरणासाठी नागपूरहून एका दिवसात होणारी सहल घेऊ. जबलपूरच्या रस्त्याने निघाले म्हणजे प्रथम कामठी लागते. पुढे कन्हान नदी ओलांडून मनसर, तेथून उजवीकडे वळून रामटेक, आणि परतीच्या वाटेवर नगरधन. यांपैकी कोणतेही ठिकाण नागपूरपासून पन्नास किलोमीटरांच्या फारसे पलीकडे नाही.

कामठीला ड्रॅगन पॅलेस या नावाने ओळखले जाणारे सुंदर बुद्धमंदिर आहे. ते १९९९ साली उभे राहिले. हे कशावरून? याचे उत्तर सोपे आहे. ते बांधले जात असताना पाहणारी माणसे आहेत, कागदपत्रे आहेत, छायाचित्रे आहेत. परंतु दीड हजार वर्षांपूर्वीच्या वास्तूविषयी हाच प्रश्न विचारला, म्हणजे तितक्या सहजपणे उत्तर मिळत नाही. तेथे साक्ष द्यावयास माणूस उरलेला नसतो. साक्ष देतात त्या विटा, मूर्ती, नाणी आणि अक्षरे.

मनसरला एक टेकडी आहे. लोक तिला हिडिंबा टेकडी म्हणतात. भीमाची पत्नी हिडिंबा येथे राहत होती, अशी कथा सांगतात. १९७२ साली मनसरला तांबड्या दगडाची एक सुरेख शिवमूर्ती सापडली. ती आता दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. पुढे १९९७ नंतर जगत्पती जोशी व अ. कु. शर्मा यांच्या देखरेखीखाली येथे उत्खनन झाले, आणि ज्याला लोक नुसती टेकडी समजत होते, तिच्या पोटातून विटांचे प्रचंड बांधकाम बाहेर आले. हे बांधकाम कशाचे? उत्खनन करणाऱ्यांनी यातील काही भाग बौद्ध स्तूपाचा मानला. दुसऱ्या काही विद्वानांच्या मते हे वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन याने उभारलेले प्रवरेश्वर नावाचे शिवालय होय. कारण येथे सापडलेल्या मातीच्या एका ठशावर प्रवरेश्वराचे नाव आहे. म्हणजे एकाच टेकडीविषयी लोककथा एक सांगते, एक विद्वान दुसरे सांगतो, आणि दुसरा विद्वान तिसरेच. अशा वेळी विद्यार्थ्याने काय करावे? ज्याचा आवाज मोठा, त्याचे खरे मानावे काय? मुळीच नाही. प्रत्येकाला नम्रपणे विचारावे, "हे कशावरून?" आणि ज्याच्याजवळ अधिक भक्कम पुरावा असेल, त्याच्याकडे आपले मत झुकू द्यावे. नवा पुरावा पुढे आला, तर ते मत बदलण्याचीही तयारी ठेवावी.

मनसरहून रामटेक जवळच आहे. गडावर श्रीराम-लक्ष्मणांची मंदिरे आहेत, पायथ्याशी अंबाळा तलाव आहे, आणि गावात शांतिनाथाचे प्रसिद्ध जैन मंदिर आहे. कार्तिकात त्रिपुरी पौर्णिमेला येथे मोठी यात्रा भरते. रामटेकला गेलेल्या प्रत्येक मुलाला एक गोष्ट हमखास ऐकावयास मिळते. कालिदासाच्या 'मेघदूत' काव्यातील शापित यक्ष जेथे राहिला, तो रामगिरी म्हणजेच हे रामटेक. ही गोष्ट ऐकून मान डोलावणे सोपे आहे. पण ती कशावरून?

मेघदूतावर टीका लिहिणाऱ्या मल्लिनाथाने रामगिरी म्हणजे चित्रकूट असे म्हटले आहे. नागपूरचे थोर संस्कृत पंडित महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी यांनी मात्र तो रामटेकच होय, असे साधार प्रतिपादन केले. त्यातील एक मुद्दा तुम्हीसुद्धा पडताळून पाहू शकाल. मेघ रामगिरीहून उत्तरेकडे निघतो, आणि पुढे त्याला रेवा, म्हणजे नर्मदा नदी लागते. आता भारताचा नकाशा उघडा. चित्रकूट नर्मदेच्या उत्तरेस आहे. तेथून उत्तरेकडे निघालेल्या मेघाला नर्मदा कशी लागावी? रामटेक मात्र नर्मदेच्या दक्षिणेस आहे. शिवाय अमरावती जिल्ह्यातील ऋद्धपूर येथे सापडलेला वाकाटक राणी प्रभावतीगुप्ता हिचा ताम्रपट रामगिरीस्वामीच्या चरणांपाशी दिला गेला, असे त्यातच लिहिले आहे. म्हणजे त्या काळी वाकाटकांच्या राज्यात रामगिरी नावाचे देवस्थान होते, हे उघड झाले. एका "कशावरून?" या प्रश्नाने किती दूरवर नेले पाहा! भूगोलाचा नकाशा, संस्कृतातील काव्य आणि तांब्याचा पत्रा हे तिन्ही एका ठिकाणी आले. नुसती मान डोलावणाऱ्याला हा आनंद कोठून मिळणार?

रामटेकच्या त्याच टेकडीवर दोन लहान नरसिंह मंदिरे आहेत. गर्दीच्या दिवशी त्यांच्याकडे फारसे कोणी वळत नाही. परंतु ती वाकाटकांच्या काळातील, म्हणजे सुमारे दीड हजार वर्षांपूर्वीची आहेत. त्यांपैकी केवल नरसिंह मंदिराच्या भिंतीवरील चुन्याचे थर दूर करताना १९८०च्या दशकात एक शिलालेख उघडकीस आला. त्यातील पुष्कळ अक्षरे झिजलेली आहेत. तरीही विद्वानांनी चिकाटीने तो वाचला, आणि हे देवालय प्रभावतीगुप्ता हिच्या मुलीने आपल्या आईच्या स्मरणार्थ बांधले असावे, असा अर्थ लावला. ज्या राजकन्येची कोणालाही आठवण नव्हती, तिची मातृभक्ती त्या झिजलेल्या अक्षरांनी जपून ठेवली होती.

ही प्रभावतीगुप्ता कोण? ती गुप्त सम्राट दुसरा चंद्रगुप्त याची कन्या, आणि वाकाटक राजा दुसरा रुद्रसेन याची राणी. पती निवर्तल्यावर मुले लहान होती, म्हणून तिने स्वतः राज्याचा भार वाहिला. तिची राजधानी नंदिवर्धन म्हणजे आजचे नगरधन. नगरधनला आज जो किल्ला दिसतो, तो भोसल्यांच्या काळचा. त्याच्या आसपास पुण्याच्या डेक्कन कॉलेजने व महाराष्ट्र शासनाच्या पुरातत्त्व खात्याने २०१५ ते २०१८ या काळात उत्खनन केले. त्यात मातीचा एक लंबगोल ठसा सापडला. त्याची लांबी साडेतीन सेंटिमीटर आणि वजन जेमतेम सहा ग्रॅम. परंतु त्यावर ब्राह्मी लिपीत प्रभावतीगुप्तेचे नाव आहे, आणि शंखाचे चिन्ह आहे! आजवर ताम्रपटांवरून जे म्हटले जात होते, त्याला प्रत्यक्ष राजधानीच्या भूमीने साक्ष दिली.

आता क्षणभर विचार करा. तो ठसा एखाद्या सहलीला आलेल्या मुलाच्या हाती लागला असता, आणि त्याने तो गंमत म्हणून खिशात घातला असता, तर काय झाले असते? घरी नेल्यावर तो मातीचा एक तुकडा झाला असता, आणि चार दिवसांत कचऱ्यात गेला असता. जुनी वस्तू जेथे सापडते, ज्या थरात सापडते, त्या जागेमुळेच ती बोलू शकते. जागेवरून हलविली, की ती मुकी होते. म्हणूनच जुन्या भिंतींवर खिळ्याने आपली नावे कोरणारी आणि विटांचे तुकडे आठवण म्हणून उचलून नेणारी माणसे केवळ घाण करतात असे नव्हे. ती साक्षीदाराची जीभ कापतात. १९५८ च्या कायद्याप्रमाणे संरक्षित स्मारकाची नासधूस करणे हा गुन्हा आहे, आणि २०१० च्या दुरुस्तीनंतर त्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. पण शिक्षेच्या भीतीने हात आवरण्यापेक्षा, आपण काय नष्ट करीत आहो हे ओळखून हात आवरणे अधिक शोभून दिसते.

कोणी म्हणतील, "मुलांनी वडीलधाऱ्यांना आणि मार्गदर्शकांना असे उलट प्रश्न विचारणे हा उद्धटपणा नाही काय?" उद्धटपणा प्रश्नात नसतो, तो विचारण्याच्या ढंगात असतो. "काहीतरीच सांगता!" असे म्हणणे उद्धटपणाचे, "हे आपल्याला कशावरून कळले, ते आम्हांलाही सांगाल काय?" असे म्हणणे जिज्ञासेचे. चांगला मार्गदर्शक अशा प्रश्नाने रागावणार नाही. उलट त्याचे डोळे आनंदाने चमकतील. आणि एखादे वेळी त्याला उत्तर ठाऊक नसेल, तर "मला ठाऊक नाही" असे म्हणण्यात त्याने कमीपणा मानू नये. खोट्या उत्तरापेक्षा हे तीन शब्द कितीतरी मोलाचे आहेत.

आणखी कोणी म्हणतील, "असे प्रश्न विचारल्याने श्रद्धा नाहीशी होईल." मला ही भीती खरी वाटत नाही. पुरावा, कथा आणि श्रद्धा या तीन निराळ्या गोष्टी आहेत, आणि तिघींनाही आपापला मान आहे. रामाच्या मूर्तीपुढे हात जोडणाऱ्या आजीबाईला ताम्रपटाची गरज नसते. हिडिंबेची गोष्ट सांगणारा म्हातारा ती प्रेमाने सांगतो, आणि आपण ती प्रेमाने ऐकावी. घोटाळा होतो तो कथा पुराव्याचे कपडे घालून येते तेव्हा. जुन्या स्थळांवरून "हे आमचे", "हे तुमचे नव्हे" असे कलह जगात पुष्कळ ठिकाणी होतात, आणि त्यांत मनेच काय, कधीकधी डोकीही फुटतात. पुराव्याची ओळख नसलेला माणूस अशा वेळी दुसऱ्याच्या ओरडण्यामागे धावत सुटतो. "हे कशावरून?" असे विचारण्याची सवय ज्याला बालपणीच लागली, तो धावण्यापूर्वी क्षणभर थांबेल. ते थांबणे लहान वाटते. पण शहाणपणाला सुरुवात होते ती तेथूनच.

म्हणून माझी शिक्षकांना विनंती आहे, की एका दिवसात सहा स्थळे उरकण्याचा हव्यास सोडावा. दोन किंवा तीनच दाखवावीत, पण स्वस्थपणे दाखवावीत. आणि मुलांनो, तुम्ही जाताना एक लहान वही बरोबर न्या. तिच्या पानावर तीन रकाने आखा. पहिल्यात लोक काय मानतात ते लिहा, दुसऱ्यात लोक कोणती कथा सांगतात ते लिहा, आणि तिसऱ्यात कशाचा पुरावा मिळाला आहे ते लिहा. एखाद्या स्थळाच्या बाबतीत तिसरा रकाना रिकामा राहिला, तरी खंत करू नका. त्या रिकाम्या जागी काय लिहावयाचे, हे शोधून काढण्याचे काम कदाचित तुमच्यापैकीच कोणाची वाट पाहत असेल.